यादीबाहेरची मावशी

जादूच्या गोष्टींकडे मोठी माणसं जरा वरूनच पाहतात. तिथं काय, काठी फिरवली की काहीही होतं, असा आपला समज. पण ज्यांनी अशी काल्पनिक विश्वं मनापासून उभी केली, त्यांनी आधी बसून हिशेब मांडलेला दिसतो. शक्ती कोणकोणत्या, त्या एकमेकींपासून वेगळ्या कशा, आणि कोणती वापरली तर काय मोजावं लागतं. असाच एक हिशेब अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन यांनी ‘अ विझार्ड ऑफ अर्थसी’ या १९६८ सालच्या कादंबरीत मांडला. मला तो या प्रकारातला सर्वांत कसदार वाटतो.

अर्थसी हे बेटांचं जग. त्यातल्या रोक बेटावर जादूगारांची शाळा आहे आणि तिथं नऊ गुरू आहेत. वाऱ्या-पावसाचा एक, औषधी वनस्पतींचा एक, जुनी गाणी शिकवणारा एक, रूपांतराचा, आवाहनाचा... दाराशी बसणारा द्वारपालसुद्धा या नवांतलाच! सगळ्यांची ओळख करून देत नाही. खरी गोम आहे ती आभास आणि बदल यांच्यामधल्या रेषेत. एक गुरू मुलांना खड्याचा हिरा करून दाखवतो. हिरा लखलखतो, पण तो भास. खडा खडाच असतो. त्याचा खरोखर हिरा करायचा, तर त्याचं खरं नाव बदलावं लागेल. आणि एका खड्याचं नाव बदललं, तरी जग तेवढं बदललंच. इथं पाऊस पाडला तर दुसऱ्या बेटावर दुष्काळ पडू शकतो. त्यामुळे ज्याला जास्त येतं, तो कमी वापरतो.

तरुण वयात हे कुणाला पटणार? गेड नावाचा हुशार आणि मानी विद्यार्थी चढाओढीच्या भरात मृतात्म्याला बोलावतो. जगाला पडलेल्या चिरेतून भलतंच काही बाहेर येतं आणि ती चीर बुजवताना शाळेच्या वृद्ध महागुरूंचा प्राण जातो.

या सगळ्या विद्यांचा पाया म्हणजे नावं. नामगुरू एका एकाकी मनोऱ्यात राहतो. मुलांनी तिथं बसून नावांच्या याद्या पाठ करायच्या; मध्यरात्र झाली की कागदावरची शाई उडून जाते. माणसांनाही दोन नावं. आपल्याकडं बारशाला आत्या बाळाच्या कानात नाव सांगते आणि दुसऱ्या क्षणी ते साऱ्या घराला कळतं. अर्थसीत गेडला तेराव्या वर्षी मिळालेलं खरं नाव मात्र फार विश्वासातल्या माणसालाच सांगायचं असतं. ज्याला ते कळलं, त्याच्या हाती तुमचा जीव.

ले ग्विन यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे नामवंत मानववंशशास्त्रज्ञ. कॅलिफोर्नियातल्या मूळ रहिवाशांच्या भाषा आणि चालीरीती नोंदवण्यात त्यांनी आयुष्य घालवलं. १९११ साली तिथं एक माणूस सापडला. त्याचे याही लोक मारले गेले होते, संपले होते. तो एकटाच उरला होता. स्वतःचं नाव उच्चारण्याची त्याच्याकडं रीत नव्हती. क्रोबर यांनी त्याला ‘इशी’ म्हणायला सुरुवात केली. त्याच्या भाषेत त्याचा अर्थ ‘माणूस’. १९१६ साली क्षयानं तो गेला, खरं नाव बरोबर घेऊनच. ले ग्विन यांचा जन्म १९२९चा, म्हणजे भेटीचा प्रश्नच नाही. पण त्यांच्या आई थिओडोरा यांनी इशीचं चरित्र लिहिलं, ते १९६१ साली प्रसिद्ध झालं आणि सात वर्षांनी लेकीची कादंबरी आली. ओढूनताणून नातं जोडायचं नाही, पण ज्या घरात ही हकिगत माहीत होती, त्या घरात ‘नाव’ हा शब्द हलका नसणार.

आता मला खुपणारी गोष्ट. रोकची शाळा फक्त मुलग्यांची. आणि गेडला पहिले मंत्र शिकवले कुणी? त्याच्या मावशीनं, जी गावची चेटकीण! तिचे शब्द ऐकून पोरगं शेळ्यांपुढं ते ओरडतं, तर शेळ्या त्याला असा गराडा घालतात की सुटका होईना. ससाण्याला खाली बोलावणारं खरं नावही तिनंच सांगितलं. म्हणजे विद्या तीच, जी मनोऱ्यातला नामगुरू शिकवतो. तरी नवांच्या यादीत ती कुठंच बसत नाही. बायकांच्या जादूला तिथं कमअस्सल आणि दुष्टही समजतात.

लेखिकेनं हे प्रकरण तसंच सोडलं नाही. १९९० साली ‘टेहानू’ लिहून त्या पुन्हा अर्थसीकडं वळल्या. तिथं एक विधवा शेतकरीण, एक भाजलेली मुलगी आणि मॉस नावाची खेडवळ चेटकीण मध्यभागी आल्या. २००१ सालच्या ‘टेल्स फ्रॉम अर्थसी’मध्ये तर कळतं, की रोकची शाळा स्थापन करणाऱ्यांत बायकाही होत्या, दार त्यांच्यासाठी नंतर बंद झालं. आधीच्या पुस्तकातलं वर्गीकरण त्यांनी पुसलं नाही. ते कुणी केलं आणि कुणाला वगळून, हे त्याच जगात जाऊन दाखवलं.

आणि गेड? महागुरूपदापर्यंत पोचलेला तो, ‘टेहानू’त सगळी शक्ती गमावून आपल्या बेटावर परत येतो. ओळखीच्या लोकांना तोंड दाखवायची लाज वाटते, म्हणून डोंगरावर निघून जातो आणि शेळ्या राखतो.