शेंगदाण्याच्या कुटात भाजलेली कोंबडी
(शेतकरी कार्यक्रमातील भाषणाचा मजकूर)

कोंबडी म्हटली की आपल्याकडे रस्सा. पाहुणा आला, रस्सा. आखाड आला, रस्सा. मी काही रश्श्याला नावे ठेवणार नाही. एका कोंबडीत दहा माणसे जेवू घालायची तर पाणी वाढवण्यासारखा दुसरा उपाय नाही, हे तुम्हांलाही ठाऊक आहे. पण त्याच कोंबडीचा रस्साही व्हावा आणि वर प्रत्येकाच्या ताटात एकेक खरपूस तुकडाही पडावा, अशी एक सोपी रीत आहे. शेंगदाण्याचे भरड कूट तुकड्यांना लावायचे आणि ते तेलात न तळता वर-खाली निखारे ठेवून भाजायचे. कोकणात काकडीचे धोंडस याच रीतीने करतात. भट्टी विकत घ्यायला नको, तेल जवळजवळ नको. कारण शेंगदाण्यात निम्म्याच्या आसपास तेलच असते, ते तापले की तुकडा आपल्याच तेलात खरपूस होतो.

आता कोंबडी राहू द्या बाजूला, आधी दाण्यांबद्दल बोलू. कारण खरी गोष्ट तिथेच आहे.

भुईमुगाची शेंग निघाली की आपण काय करतो? टपोरी शेंग पोत्यात, पोते बाजारात. आणि फुटकी, पोचट, काळपट, किडकी शेंग घरात. ‘कुटाला चालते की!’ असे म्हणतो. त्यातूनही जे अगदीच टाकाऊ राहील ते कोंबड्यांपुढे फेकतो. म्हणजे पिकवायचे आपण आणि चांगले खायचे दुसऱ्याने. बाजारभावाच्या हिशेबाने हे बरोबर दिसते, पण बंधूंनो, प्रकृतीच्या हिशेबाने चूक आहे. हुमणीने किंवा वाळवीने पोखरलेल्या, खुरप्याचा घाव बसलेल्या, शेवटच्या दिवसांत पाण्याचा ताण पडलेल्या किंवा ओलसर राहिलेल्या शेंगेत पिवळसर हिरवी बुरशी शिरते. ही बुरशी एक विष तयार करते. त्याला अफ्लाटॉक्सिन म्हणतात. हे विष यकृतावर घाव घालते. थोडे थोडे वर्षानुवर्षे पोटात गेले तर यकृताच्या कर्करोगाला कारण होते. आणि सर्वांत वाईट म्हणजे ते डोळ्यांना दिसत नाही, जिभेला कळत नाही आणि भाजून, तळून, कढवून पुरते जात नाही. खवट दाणा तोंड वाकडे करून थुंकता तरी येतो, याला तेही नाही.

या विषाचा शोध कसा लागला ते ऐका. 1960 साली इंग्लंडमध्ये टर्की नावाचे पक्षी भराभर मरू लागले. एक लाखाहून अधिक पक्षी दगावले. आधी कोणाला रोग कळेना. मग तपास खाद्यापर्यंत गेला. त्या खाद्यात ब्राझीलमधून आलेली शेंगदाण्याची पेंड होती आणि तिला ही बुरशी लागलेली होती. तेव्हा बुरसा दाणा कोंबडीला चालतो हे मनातून काढून टाका. त्याने पिलांची वाढ खुंटते, तलंगा अंडी कमी देतात. बुरशीची पेंड गाई-म्हशींना घातली तर त्याचा अंश दुधातही उतरतो.

म्हणून कुटासाठी दाणे घेताना ते सुपात पसरा आणि हाताने निवडा. सुरकुतलेला, काळपट, फुटलेला, कोंब आलेला, बुरशीची पूड दिसणारा दाणा बाजूला काढा. एवढ्या निवडीने धोक्याचा मोठा भाग निघून जातो, कारण विष सगळ्या दाण्यांत सारखे पसरलेले नसते, ते अशाच दाण्यांत साठलेले असते. काढलेले दाणे मातीत पुरून टाका, कोंबड्यांपुढे नको. आणि पुढच्या हंगामासाठी एक सांगून ठेवते. शेंग हलवली की आत दाणा खुळखुळेपर्यंत ती उन्हात वाळू द्या. ओलावा आठ टक्क्यांच्या वर ठेवून पोते शिवू नका. पोती जमिनीवर न टेकवता फळ्यांवर, भिंतीपासून हातभर दूर ठेवा. घरच्या खाण्यासाठी दहा-पंधरा किलो चांगली शेंग विकण्याआधीच काढून ठेवली तर बाजारात तेवढे पैसे कमी येतील, हे खरे. पण ती शेंग तुमच्या लेकरांच्या पोटात जाणार आहे.

आता कृतीकडे वळू. पाच-सहा माणसांसाठी साफ केलेली सव्वा किलोची कोंबडी, पाव किलो निवडलेले दाणे, एक वाटी ज्वारीचे पीठ, एक अंडे, एक वाटी घट्ट दही, आले-लसणाचे वाटण दोन चमचे, हळद, तिखट, धने-जिऱ्याची पूड आणि मीठ एवढे जवळ घ्या. दही आंबट नको. कोंबडी मात्र धडधाकट असावी. मरगळलेली, हिरवट हगवण लागलेली कोंबडी ‘मरण्याआधी कापू’ म्हणून पातेल्यात घालू नका. 2006 च्या फेब्रुवारीत नंदुरबार जिल्ह्यात नवापूरला बर्ड फ्लू आला तेव्हापासून हे आपल्याला चांगले माहीत आहे. एकदम दोन-चार पक्षी मेले तर पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवा.

गावरान कोंबडी आणि बॉयलर कोंबडी यांत फरक करा. गावरान, त्यातून अंडी देऊन थकलेली कोंबडी असेल तर ती नुसती भाजून मऊ होत नाही, वातडच राहते. गिरिराज, वनराज यांसारखे पक्षीही मोठे झाले की तसेच. अशा कोंबडीचे मांडीचे, तंगडीचे आणि छातीचे मोठे तुकडे बाजूला काढा. मान, पंख, पाठ, बरगड्या रश्श्यासाठी आहेतच. सगळेच तुकडे हळद, मीठ, थोडे आले-लसूण घालून पाण्यात शिजवा. उघड्या पातेल्यात तास लागेल, जून कोंबडीला जास्तही. बोटाने दाबले तर मांस दबावे, पण हाडापासून सुटू नये, एवढेच शिजवा. मोठे तुकडे उचलून परातीत पसरा आणि पाणी निथळू द्या. त्या पाण्याचा आणि उरलेल्या तुकड्यांचा नेहमीसारखा रस्सा करा, तो मी तुम्हांला काय शिकवणार! बॉयलर कोंबडी असेल तर आधी शिजवायची गरज नाही. जाड तुकड्यांना हाडापर्यंत दोन-दोन चिरा द्या आणि दही, हळद, वाटण, तिखट, धने-जिरे, मीठ चोळून तासभर झाकून ठेवा. शिजवलेल्या गावरान तुकड्यांनाही हेच चोळायचे, पण पाव तास पुरे. उन्हाळ्याचे दिवस असतील तर कच्चे मांस बाहेर जास्त वेळ ठेवू नका. ज्या विळीने कच्ची कोंबडी कापली तिनेच, न धुता, कांदा-काकडी चिरू नका. पोट बिघडते ते बहुधा तिथेच.

दाणे मंद आचेवर अर्धवटच भाजा. साल सुटू लागली की उतरवा. पुरते भाजलेत तर दुसऱ्यांदा आच लागल्यावर ते करपतात आणि कडू होतात. एका गावात प्रात्यक्षिक करताना मी स्वतः ही चूक केली होती. चाळीस बायका बघायला बसलेल्या आणि झाकण उघडले तर आत कोळसा! दाणे गार झाले की उखळात किंवा खलबत्त्यात भरड कुटा. मिक्सर असेल तर थांबत थांबत फिरवा. एकदम फिरवला की तेल सुटून चटणीसारखा गोळा होतो आणि तो तुकड्याला लागत नाही. रव्यापेक्षा जाड, तांदळाच्या कणीएवढे कूट हवे. त्यात मीठ आणि दोन चमचे ज्वारीचे पीठ मिसळा.

तुकड्यांवरचे जास्तीचे दही निपटून घ्या. तुकडा आधी कोरड्या पिठात घोळवा, मग फेटलेल्या अंड्यात बुडवा, मग कुटात ठेवून तळव्याने दाबा. हा क्रम चुकवू नका. ओल्या तुकड्याला थेट कूट लावले तर भट्टीत ते गळून पडते. सगळे तुकडे झाले की पाव तास तसेच राहू द्या, म्हणजे थर धरतो.

भट्टी अशी करायची. जाड बुडाचे मोठे पातेले घ्या. त्यात चाळून, धुऊन वाळवलेली वाळू दोन बोटे पसरा. त्यावर लोखंडी तिवई किंवा चुंबळीसारखी कडी ठेवा. वर तेलाचे बोट फिरवलेली ताटली येईल. पातेले झाकून चुलीवर पाव तास तापू द्या. झाकण म्हणून लोखंडी तवा उपडा न घालता सरळ ठेवा, म्हणजे त्यात निखारे राहतात. आच बरोबर आहे की नाही हे पाहायला ताटलीत कागदाच्या तुकड्यावर चिमूटभर पीठ ठेवा. पाच मिनिटांत ते बदामी झाले तर ठीक, काळे पडले तर खालचे लाकूड ओढा. मग तुकडे एकमेकांना न चिकटतील असे मांडा. पहिली पंधरा मिनिटे वर थोडेच निखारे ठेवा, नंतर वाढवा. शिजवलेले गावरान तुकडे पंचवीस मिनिटांत होतात. बॉयलरला पाऊण तास धरा. सारखे झाकण उघडून बघू नका, ऊब निघून जाते. निखाऱ्यांचे काम अंगणात किंवा पडवीत करा. बंद खोलीत निखाऱ्यांच्या धुराविना विषारी वायू साठतो आणि तो माणूस मारतो.

गॅसवर करणार असाल तर पातेल्याखाली तवा ठेवून आच बारीक ठेवा. वरून आच नसल्याने वरची बाजू फिकी राहते, म्हणून अर्ध्या वेळाने तुकडे एकदा हलक्या हाताने उलटा. ज्यांच्याकडे विजेची भट्टी आली आहे त्यांनी 180 अंशांवर वरच्याएवढाच वेळ ठेवावे. सर्वांत जाड तुकड्यात हाडाजवळ सुरी टोचा. पाणी स्वच्छ यावे, मांस गुलाबी दिसता कामा नये. थर्मामीटर असेल तर आत 74 अंश भरले पाहिजेत. थर खरपूस झाला म्हणजे आतही शिजले, असे धरून चालू नका.

माळकरी घरात हाच थर वांग्याच्या जाड चकत्यांना लावा, अंड्याऐवजी बेसनाचे सरबरीत पीठ घ्या. घरात कुणाला शेंगदाणा खाऊन अंगावर गांधी उठत असतील, ओठ सुजत असतील किंवा धाप लागत असेल, तर त्याच्यासाठी हा प्रकार अजिबात नको. त्याला कुटाचे बोटसुद्धा लागू देऊ नका.

वाढताना ज्वारीची किंवा बाजरीची गरम भाकरी, रस्सा, कच्चा कांदा, लिंबाची फोड आणि एक तुकडा. आणि बंधूंनो, तुकडे आधीच मोजून ठेवा. वाढणारीचाही त्यात धरा. ती शेवटी बसते आणि तिच्या वाट्याला रस्साच उरतो, हे काही कोणाच्या घरी नवीन नाही. गरोदर किंवा अंगावर पाजणारी असेल तर तिला आधी वाढा.

तुकडे उरले तर रात्रभर उघड्यावर ठेवू नका. फ्रिज नसेल तर त्याच रात्री संपवा. फ्रिजमध्ये ठेवले असतील तर दुसऱ्या दिवशी तव्यावर झाकण ठेवून आतपर्यंत गरम करा, पाणी शिंपडू नका, थर मऊ पडतो. कच्च्या तुकड्यांना लागून उरलेले कूट डब्यात परत भरू नका. ते भाजीत घालून चांगले उकळा आणि त्याच जेवणात वापरून टाका. वाळू गार झाली की चाळून कोरड्या डब्यात भरून ठेवा, पुढच्या खेपेला तीच चालते.