ध्रुवावरचा बर्फ आणि आपली तापी

(गणेशोत्सवात मंडळाच्या मंचावरून केलेले भाषण)



लिंबायतमध्ये ध्रुवावरच्या बर्फाची गोष्ट कशाला, असं कुणाला वाटेल. म्हणून आम्ही तापीपासूनच सुरुवात करतो. २००६ चा ऑगस्ट इथं कोण विसरेल? उकाईच्या वर, आपल्या खानदेशाकडे पाऊस कोसळला, धरणाचं पाणी सोडावं लागलं आणि सुरत बुडालं. तो पूर बर्फाने आणला नव्हता. पण समुद्राला भरती असली की नदीचं पाणी लवकर ओसरत नाही, हे आपण जाणतो. समुद्र जितका चढेल, तितकी ही अडचण वाढेल.

समुद्र चढतो कशाने? पाणी तापून फुगतं आणि जमिनीवरचा बर्फ त्यात येऊन पडतो. काठोकाठ भरलेल्या सरबताच्या पेल्यात तरंगणारा बर्फ विरघळला, तर पेला सांडत नाही; वरून नवा खडा टाकला, तर सांडतो. ग्रीनलँड आणि अंटार्क्टिका इथला जमिनीवरचा बर्फ म्हणजे हा नवा खडा. १९९३ पासून जगातला समुद्र सरासरी सुमारे १० सेंटिमीटर चढला आहे.

हा बर्फ मोजायचा कसा? ध्रुवांकडे कित्येक महिने रात्र, एरवी ढग. तिथं साधा कॅमेरा हतबल होतो. रडार मात्र स्वतः लहरी सोडतं आणि परत आलेल्या टिपतं. त्याला ना उजेड लागतो, ना ढग आडवे येतात. युरोपचा क्रायोसॅट-२ हा उपग्रह २०१० पासून अशाच रडारने बर्फाची उंची मोजतो आहे. ३० जुलै २०२५ रोजी श्रीहरिकोट्याहून निसार झेपावला. नासा आणि इस्रो यांनी मिळून तो बनवला. त्याच्या दोन रडारांपैकी एक आपल्या शेजारच्या अहमदाबादेत, इस्रोच्या स्पेस ॲप्लिकेशन्स सेंटरमध्ये घडलं. निसार दर १२ दिवसांनी त्याच वाटेवरून जातो. दोन फेऱ्यांतल्या लहरी ताडून पाहिल्या की हिमनदी समुद्राकडे किती सरकली, ते कळतं.

उपग्रह पूर थांबवत नाही. पण घराचं जोतं किती उंच घ्यावं, नदीचा बांध किती वाढवावा, हे ठरवताना २००६ ची खूण आता पुरणार नाही. उद्याचा समुद्रही हिशेबात धरावा लागेल. तो हिशेब मांडणारी मुलं-मुली आपल्या गल्ल्यांतूनही निघावीत, एवढीच बाप्पाकडे मागणी.

गणपती बाप्पा मोरया!