कै. कमलाबाई गोखले : एका नटीचे चरित्र व आपले कर्तव्य
(वार्षिक संमेलनात दिलेले भाषण)



या व्यासपीठावरून प्रतिवर्षी विद्वान व उद्योगी पुरुषांची चरित्रे सांगण्याचा प्रघात आहे. यंदा आम्ही एका नटीचे चरित्र सांगण्याचे योजिले आहे. ते ऐकताना केवळ कौतुक करावे असा आमचा हेतू नाही. त्यातून ज्ञातिसंस्थांनी काही शिकावे, एवढीच इच्छा आहे.

कमलाबाईंचा जन्म १९०० सालचा. त्या तीन वर्षांच्या असताना त्यांच्या मातोश्री दुर्गाबाई कामत पतीपासून विभक्त झाल्या. पांढरपेशा घरातील एकाकी स्त्रीला त्या काळी स्वयंपाक आणि धुणीभांडी याखेरीज उपजीविकेचे साधन क्वचितच मिळे. दुर्गाबाईंनी मुलीला घेऊन फिरत्या नाटक मंडळीचा मार्ग धरला. याबद्दल त्यांच्या ज्ञातीने त्यांना वाळीत टाकले. ती ज्ञाती कोणती, हा प्रश्न आम्ही गौण मानतो. त्या काळी दुसरी एखादी ज्ञाती फारशी निराळी वागली असती, असे आम्हांस वाटत नाही.

अशा रीतीने कमलाबाईंचे शिक्षण शाळेत न होता रंगभूमीवर झाले. पुढे दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट काढला. तो १९१३ साली मुंबईत प्रदर्शित झाला. त्यात तारामतीचे काम करावयास स्त्री मिळेना. समाजाने अव्हेरलेल्या स्त्रियांनीही नकार दिला. अखेर उपाहारगृहात स्वयंपाकाचे काम करणारे साळुंके हे गृहस्थ तारामती झाले. रंगभूमीवरही तोच प्रकार होता. त्याच वर्षी स्थापन झालेल्या गंधर्व नाटक मंडळीत बालगंधर्वांच्या स्त्रीभूमिकांवर सारा महाराष्ट्र लुब्ध होता. म्हणजे नाटकातील स्त्री समाजाला हवी होती. स्त्रीने नाटकात जावे, हे मात्र मान्य नव्हते.

फाळक्यांनी आपल्या ‘मोहिनी भस्मासुर’ या दुसऱ्या चित्रपटात मायलेकी दोघींना घेतले. दुर्गाबाई पार्वती झाल्या, तर कमलाबाई मोहिनी. आपल्या देशातील चित्रपटात स्त्रियांनी काम करण्याचा आरंभ या दोघींपासून झाला. त्या वेळी कमलाबाईंचे वय अवघे तेरा वर्षांचे होते. मूकपटात शब्दांचा आधार नसल्याने सारा भार मुद्रेवर आणि अंगविक्षेपावर असे. लहानपणापासून रंगभूमीवर झालेला सराव या कामी उपयोगी पडला असणार, हे उघड आहे.

पुढे त्यांचा विवाह चित्ताकर्षक नाटक मंडळीतील रघुनाथराव गोखले यांच्याशी झाला. रघुनाथराव हे स्वतः पूर्वी स्त्रीभूमिका करणारे नट होते. परंतु हे सौख्य फार काळ टिकले नाही. पंचविशीच्या सुमारास त्यांना वैधव्य आले. लहान मुलांची जबाबदारी अंगावर पडली. मातेवर आला होता तोच प्रसंग आता मुलीवर आला, आणि मुलीनेही रंगभूमी सोडली नाही. नाटकांतून त्यांनी प्रसंगी पुरुषभूमिकाही केल्या. मूकपट गेले, बोलपट आले. १९८० च्या ‘गहराई’ या चित्रपटापर्यंत त्या पडद्यावर दिसत राहिल्या. त्यांना जवळजवळ शतकभराचे आयुष्य लाभले. त्यांचे पुत्र चंद्रकांत गोखले हे नामवंत नट झाले. लालजी व सूर्यकांत यांनी तबलावादनात नाव मिळविले. २०२२ साली दिवंगत झालेले विक्रम गोखले हे त्यांचे नातू होत.

दरम्यान काळ पालटला होता. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटात तारामतीची भूमिका दुर्गा खोटे या सुशिक्षित घराण्यातील स्त्रीने केली. १९३३ साली नाट्यमन्वंतरने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले. त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. ज्या वाटेवर मायलेकी एकट्या चालल्या होत्या, ती वीस वर्षांत हमरस्ता होऊ लागली.

बंधुभगिनींनो, आता आमचे मुख्य म्हणणे सांगतो. आज कोणत्याही ज्ञातीच्या घरातील मुलगी रंगभूमीवर अथवा पडद्यावर चमकली, की तिचा सत्कार होतो, तिचे छायाचित्र स्मरणिकेत झळकते. हे योग्यच आहे. परंतु दुर्गाबाईंना १९०३ साली हारतुऱ्यांची गरज नव्हती. त्यांना हवे होते चार दिवसांचे आश्रयस्थान, मुलीच्या शाळेची फी आणि आपुलकीचा एक शब्द. तेवढे मिळते, तर त्यांनी रंगभूमी धरली असती की नाही, हे सांगता येणार नाही. पण जी वाट त्यांनी धरली ती नाइलाजाने धरावी लागली नसती. त्यांचे कर्तृत्व त्यांचे स्वतःचे आहे. त्याचे श्रेय, ज्या समाजाने दार लावून घेतले, त्याने घेऊ नये.

म्हणून आमची सर्व कुटुंबांना विनंती आहे. घरची लेक मूल कडेवर घेऊन माहेरी परतली, तर तिला प्रथम घरात घ्यावे, विचारपूस मागाहून करावी. तिने कोणताही प्रामाणिक व्यवसाय पत्करला, तर त्याबद्दल कुजबुज करू नये. शिष्यवृत्तीचा विचार करताना गुणपत्रिकेबरोबर अशा घरांची अडचणही पाहावी. सत्कार उशिरा झाला तरी चालतो. आधार वेळेवरच द्यावा लागतो.