झालेला सामना पुन्हा पाहताना

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)



माझा भाचा अमेरिकेत न्यू जर्सीला असतो. त्याची आई, म्हणजे माझी धाकटी बहीण, पाथरीचीच. मागच्या उन्हाळ्यात त्याचा फोन आला तेव्हा मी सहज विचारलं, ''काय रे, तुमच्याकडं आज काय मॅच-बिच?'' तर तो एकदम ओरडला, ''मामू, स्कोर नक्को बोलो!'' मी कशाला सांगतोय? मला बेसबॉलमधलं काही कळत नाही. पण पोरगं इतकं घाबरलं होतं की मला हसू आलं. तो संध्याकाळच्या पाळीला कामावर असतो. सामने बहुतेक संध्याकाळीच. घरी यायला मध्यरात्र होते. मग तो हात-पाय धुऊन, जेवणाचं ताट घेऊन, संपून गेलेला सामना पहिल्या चेंडूपासून पाहत बसतो. तोवर निकाल कानावर पडू नये म्हणून दिवसभर मोबाईलला हात लावत नाही.

तिकडच्या व्यावसायिक बेसबॉल लीगनं २००२ पासून इंटरनेटवरून सामने दाखवायला सुरुवात केली. पैसे भरायचे, की हंगामभराचे सामने हाताशी. एकेक संघ हंगामात १६२ सामने खेळतो, म्हणजे जवळपास रोजच. गंमत अशी, की आपल्या गावच्या संघाचा सामना चालू असताना बहुतेक वेळा तिथं दिसत नाही, कारण तो हक्क स्थानिक वाहिनीकडे असतो. सामना संपून तास-दीड तास झाला, की मात्र पूर्ण उघडतो. आणि गुण झाकून ठेवायची सोय असते. एक बटण दाबलं की कोण जिंकलं ते कुठंच दिसत नाही. भाचा म्हणाला, ''मामू, माझ्यासाठी तो सामना रात्री बारालाच सुरू होतो.''

हे वाक्य ऐकलं आणि मला माझे अब्बा आठवले. आज बोलणार आहे ते त्यांच्याबद्दल जास्त, खेळाबद्दल कमी. श्रोत्यांनी सांभाळून घ्यावं.

अब्बांचं पाथरीत शिलाईचं दुकान होतं. दोन मशिनी, एक लाकडी कपाट, आणि कपाटावर रेडिओ. क्रिकेट चालू असलं की मशीन थांबायची नाही, पण पायाची गती बदलायची. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन असलं तर अब्बा खूश. घरात आम्ही दख्खनी बोलायचो; पण 'चेंडू सीमारेषेपार' हे त्यांना मराठीतच ऐकायला आवडे. आमच्याकडे सामना पुन्हा पाहायचा एकच मार्ग होता, तो म्हणजे अब्बा. दिवसभर शेतात, बाजारात गेलेली माणसं संध्याकाळी दुकानात येऊन विचारत, ''काय झालं हो मास्तर?'' मग अब्बा हातातली कात्री बॅटसारखी धरून पहिल्यापासून सांगत. निकाल शेवटीच. कोणी मध्येच ''पण जिंकलं कोण?'' असं विचारलं, तर त्याचा सदरा दोन दिवस उशिरा मिळायचा.

१९८३ साली मी पंधरा वर्षांचा होतो. १८ जूनला भारत आणि झिंबाब्वे यांचा सामना टनब्रिज वेल्स या इंग्लंडमधल्या लहान गावी झाला. भारत ५ बाद १७. मग कपिल देव नाबाद १७५, १३८ चेंडूंत, १६ चौकार आणि ६ षटकार. नवव्या जोडीला किरमाणीबरोबर नाबाद १२६ धावा. भारत ८ बाद २६६, आणि ३१ धावांनी विजय. रात्री बातम्यांत ऐकलं तेव्हा अब्बांनी रेडिओलाच विचारलं, ''किती म्हणाला?'' सात दिवसांनी लॉर्ड्सवर वेस्ट इंडिजला १४० धावांत गुंडाळून आपण विश्वचषक जिंकला.

अंतिम सामना आम्ही पुढं पाहिला. दोन-तीन वर्षांनी एका लग्नघरी भाड्यानं व्हीसीआर आणला होता. रात्रभर दोन सिनेमे आणि मध्ये ती कॅसेट. पडद्यावर पावसासारख्या रेघा. पण मदनलालच्या चेंडूवर रिचर्ड्सनं मारलेला उंच फटका आणि पाठमोरा धावत जाऊन कपिलनं घेतलेला झेल दिसला. वऱ्हाडी मंडळींनी तो झेल चार वेळा मागं घेऊन पाहिला. कॅसेटवाला ओरडत होता, ''हेड खराब होईल!'' अब्बांनी विचारलं, ''ती झिंबाब्वेची कॅसेट आहे का?'' तो म्हणाला, ''आणून देतो चाचा.''

ती त्यानं कधीच आणली नाही, कारण ती नव्हतीच. त्या सामन्याचं चित्रीकरणच झालं नाही. त्या दिवशी बीबीसीच्या लोकांचा संप होता असं सर्वत्र सांगतात. दुबळ्या समजल्या जाणाऱ्या दोन संघांसाठी कॅमेरे पाठवायचेच नव्हते, असंही म्हणणारे आहेत. कारण कोणतंही असो, ते १७५ मैदानावरच्या प्रेक्षकांच्या डोळ्यांत राहिले, आणि ते डोळेही आता एकेक करून मिटत चालले.

हे सांगितल्यावर भाच्यानं मला बेसबॉलमधली एक हकीकत सांगितली. १९६० सालची अंतिम मालिका, पिट्सबर्ग विरुद्ध न्यूयॉर्क यांकीज, सातवा निर्णायक सामना. बिल मॅझेरोस्कीनं शेवटच्या डावात चेंडू मैदानाबाहेर भिरकावला आणि पिट्सबर्ग १०-९ असं जिंकलं. त्या काळी वाहिन्या टेपा पुसून पुन्हा वापरत, त्यामुळं हा सामना कायमचा गेला असंच सगळे धरून चालले होते. पण बिंग क्रॉसबी हा नामवंत गायक पिट्सबर्ग संघाच्या मालकांपैकी एक. त्याला म्हणे धास्तीनं सामना पाहवेना, म्हणून तो पॅरिसला निघून गेला आणि जाताना टीव्हीवरून सामना फिल्मवर उतरवून ठेवायला सांगून गेला. परत आल्यावर त्यानं तो पाहिला. ती रिळं त्याच्या घराच्या तळघरात, जिथं दारू साठवतात तिथल्या कोरड्या गारव्यात पडून राहिली. २००९ च्या डिसेंबरात ती सापडली, आणि पुढच्या वर्षी तो सामना टीव्हीवर दाखवला गेला. पन्नास वर्षांनी! जो माणूस सामना पाहायला घाबरला, त्याच्यामुळंच तो वाचला. मी ही गोष्ट ऐकून कितीतरी वेळ गप्प होतो. टनब्रिज वेल्सच्या एखाद्या घरात, एखाद्या माळ्यावर, कुणा हौशी माणसाच्या कॅमेऱ्यातलं रीळ नसेलच कशावरून? अब्बांना मी हेच सांगायचो. ते म्हणत, ''असेल तर बुरशी लागली असेल.''

आता जे रीळ सापडलं नसतं तरी चाललं असतं, त्याबद्दल. १८ एप्रिल १९८६, शुक्रवार, शारजा. शेवटच्या चेंडूवर पाकिस्तानला चार धावा हव्या होत्या. चेतन शर्माला यॉर्कर टाकायचा होता, चेंडू फुलटॉस गेला आणि मियाँदादनं षटकार मारला. मी अठरा वर्षांचा होतो. गावातल्या एका घरी टीव्हीपुढं तीस-चाळीस जण दाटीवाटीनं बसलेलो. षटकार गेला, आणि सगळ्यांच्या माना खाली गेल्या. मग त्यातल्या दोन-तीन माना वर झाल्या आणि माझ्याकडं वळल्या. कोणी काही बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं. मीही त्यांच्याइतकाच हरलो होतो, पण ते सिद्ध करायला माझ्याकडं काय होतं?

दुसऱ्या दिवशी दुकानात अब्बांचं रोजचं गिऱ्हाईक आलं. जुना स्नेही. हसत म्हणाला, ''मग मास्तर, पेढे कधी?'' त्याच्या मनात वाईट नसावं. माणूस चांगला होता, पुढं माझ्या लग्नात त्यानंच पंगतीत वाढपं केलं. पण अब्बा रात्रभर झोपले नव्हते. त्यांनी गळ्यातली टेप काढली, घडी घातली आणि म्हणाले, ''तुमची पँट उद्या न्या.'' त्या दिवशी संध्याकाळी सामना ऐकायला माणसं आली, तेव्हा अब्बांनी गावसकरचे ९२ सांगितले, सगळं सांगितलं, आणि शेवटच्या षटकापाशी थांबून मशीन सुरू केली. तो चेंडू त्यांनी कधीच सांगितला नाही. पुढं टीव्हीवर तो षटकार हजारदा दाखवला गेला असेल. तो लागला की अब्बा पाणी प्यायला उठत.

मध्ये बरीच वर्षं गेली. केबल आली, सीडी आल्या, मोबाईल आला. आता जुना सामना पाहायला लग्नघर लागत नाही. आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेच्या यूट्यूब वाहिनीवर विश्वचषकांतले कितीतरी क्षण फुकट दिसतात. भारतात झालेल्या सामन्यांचे तुकडे आपल्या मंडळाच्या संकेतस्थळावर मिळतात. अलीकडचे सामने अख्खे पाहायचे तर पैसे भरून अ‍ॅप घ्यावं लागतं. फ्री डिशवर डीडी स्पोर्ट्स आहेच. अडचण हक्कांची. आयपीएलच्या २०२३ ते २०२७ या पाच हंगामांच्या प्रक्षेपणाचे हक्क ४८,३९० कोटी रुपयांना गेले. इतकी रक्कम मोजणारा एकेका चेंडूवर पहारा ठेवणारच. हक्क एका कंपनीकडून दुसरीकडं गेले की काल दिसणारा सामना आज दिसत नाही. अनोळखी दुव्यावर 'सामना मोफत पाहा, फक्त कार्डाचा नंबर द्या' असं आलं, तर मात्र सरळ मोबाईल बंद करावा.

आणि हायलाइट्सबद्दल माझी एक तक्रार आहे. त्यात फक्त चौकार, षटकार आणि विकेटी. म्हणजे मुशायऱ्यातले फक्त टाळीचे शेर कापून एकत्र जोडावेत तसं. ज्या षटकात काहीच घडत नाही, त्या षटकानं पुढच्या विकेटीची जागा तयार केलेली असते, ती कापली जाते. भाचा अख्खा सामना पाहतो ते मला म्हणूनच पटतं.

२०२० साली टाळेबंदी लागली तेव्हा अब्बा अठ्ठ्याहत्तरचे होते. विस्मरण सुरू झालं होतं. सकाळी जेवलेलं दुपारी आठवत नसे, पण १९७१ चा ओव्हलचा विजय तोंडपाठ. खेळ बंद असल्यानं एप्रिलमध्ये डीडी स्पोर्ट्सवर जुने सामने लावत होते. अब्बांना ते जुने आहेत हे कळत नव्हतं. त्यांच्यासाठी ते आत्ता चालू होते. मी हसलो नाही. अमेरिकेत ७ डिसेंबर १९६३ रोजी एका फुटबॉल सामन्यात पहिल्यांदा घडलेला क्षण लगेच परत दाखवला, तेव्हा समालोचकाला प्रेक्षकांना बजावून सांगावं लागलं होतं, की हे नवे गुण नाहीत, मघाचेच आहेत. धडधाकट माणसांचं असं होतं, तर अब्बांचं काय!

एक दिवस माझ्या मुलानं मोबाईलवर काहीतरी लावलं आणि आजोबांपुढं धरलं. मी आतून आलो तेव्हा अब्बा अंथरुणावर ताठ बसून पुटपुटत होते, ''यॉर्कर टाक बेटा, यॉर्कर टाक.'' मी मोबाईल ओढून घ्यायच्या आत षटकार गेला. चौतीस वर्षं त्यांनी तो चेंडू पाहायचं टाळलं होतं. ते बराच वेळ भिंतीकडं बघत राहिले. मग माझ्याकडं वळून अगदी हळू आवाजात म्हणाले, ''उद्या दुकान उघडायचं का रे?''

दुकान बंद होऊन बारा वर्षं झाली होती. मी म्हणालो, ''उघडू ना अब्बा. काही होत नाही.''

त्यानंतर काय लावायचं ते मी ठरवू लागलो. २४ डिसेंबर २०२१ ला '८३' हा सिनेमा आला, पुढं तो मी त्यांना टीव्हीवर दाखवला. टनब्रिज वेल्सची ती खेळी त्यात नव्यानं उभी केली आहे. मला वाटलं, आयुष्यभराची इच्छा पुरी होईल. अब्बांनी पाच मिनिटं पाहिलं आणि म्हणाले, ''हा कपिल नाही.'' ज्यांनी ती खेळी पाहिलीच नव्हती, त्यांना ती खोटी आहे हे बरोबर ओळखता आलं. त्याच वर्षी पावसाळ्यात ते गेले.

त्यांना सर्वांत मानवला तो कोलकात्याचा २००१ चा कसोटी सामना. ऑस्ट्रेलिया ४४५, भारत १७१, फॉलोऑन. तुकड्या-तुकड्यांत आम्ही तो किती वेळा लावला ते मोजलं नाही. दर वेळी अब्बा काळजीनं विचारत, ''वाचतील का रे?'' आणि मी दर वेळी म्हणायचो, ''बघू या अब्बा, कठीण दिसतंय.'' पुढं लक्ष्मणचे २८१ आणि द्रविडचे १८० येणार आहेत, हरभजन फिरकीनं ऑस्ट्रेलियाला २१२ मध्ये बाद करायला मदत करणार आहे, आपण १७१ धावांनी जिंकणार आहोत, यातलं काहीही मी सांगत नव्हतो. चौथ्या दिवशी लक्ष्मण आणि द्रविड सकाळी मैदानात उतरतात आणि संध्याकाळपर्यंत खेळत राहतात. दिवसभरात ३३५ धावा, विकेट एकही नाही. तो दिवस लावला की अब्बा थोडा वेळ बघत, मग उशी सरळ करत आणि म्हणत, ''हे दोघं आहेत तोवर मी पडतो जरा. विकेट पडली की उठव.''