ग्रँडमास्टरच्या पाठीशी



ज्या व्यासपीठावर इतिहास, अर्थकारण आणि संतवाङ्मय यांची चर्चा होते, तेथे पटावरच्या हत्ती-उंटांचे काय काम, अशी शंका कोणाच्या मनात आली असल्यास ती स्वाभाविक आहे. आज आम्ही डावांची चिकित्सा करणार नाही. ज्यांना प्यादे कसे चालते हेही ठाऊक नाही, त्यांनी निर्धास्त बसावे. आमच्यापुढे प्रश्न एकच आहे: ग्रँडमास्टर जन्माला येतो की घडतो? आणि घडत असेल, तर त्याला घडवतो कोण?

प्रथम पदवीचा अर्थ पाहू. ‘ग्रँडमास्टर’ ही पदवी जागतिक बुद्धिबळ महासंघाने, म्हणजे ‘फिडे’ने, १९५० साली रीतसर सुरू केली आणि पहिल्या वर्षी २७ खेळाडूंना दिली. पुढे तिचे नियम ठरत गेले. सामान्यतः खेळाडूचे गुणांकन २५०० पर्यंत चढावे लागते. शिवाय परदेशी आणि पदवीधर प्रतिस्पर्धी असलेल्या स्पर्धांत ठराविक दर्जाची कामगिरी करून ‘नॉर्म’ मिळवावा लागतो, तोही तीनदा. हा नियम ध्यानात असू द्या. पुढे त्याचे काम पडणार आहे.

त्या पहिल्या २७ जणांत एकही हिंदी नाव नव्हते. वास्तविक एक असावयास हरकत नव्हती. ते नाव मीर सुलतान खान यांचे.

सुलतान खान पंजाबातले. सर उमर हयात खान या जमीनदार सरदारांच्या पदरी ते होते. त्यांचा हात बसलेला तो हिंदी पद्धतीच्या खेळावर. त्या पद्धतीत प्यादे पहिल्या खेळीतही एकच घर सरकते, किल्लेकोटाचा नियम निराळा, आणि पलीकडच्या टोकाला पोचलेल्या प्याद्याला मनास येईल ते मोहरे होता येत नाही. असा हा खेळाडू १९२९ साली धन्याबरोबर विलायतेस गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकून बसला! १९३२ आणि १९३३ सालीही ते पद त्यांनीच मिळवले. हेस्टिंग्जच्या १९३०-३१ च्या स्पर्धेत त्यांनी माजी जगज्जेते कापाब्लांका यांना हरवले. १९३०, १९३१ आणि १९३३ च्या ऑलिंपियाडमध्ये ते इंग्लंडच्या संघातून पहिल्या पटावर बसले. याच सरदारांच्या घरातील मिस फातिमा यांनी १९३३ साली ब्रिटिश महिला अजिंक्यपद जिंकले, हेही विसरू नये.

आणि मग? १९३३ च्या अखेरीस सर उमर हयात खान मायदेशी परतले, त्यांच्याबरोबर सुलतान खानही परतले, आणि ती कारकीर्द तेथेच संपली. अवघ्या पाच वर्षांचा हा सारा खेळ! १९५० साली पदव्या वाटल्या गेल्या तेव्हा ते हयात होते. परंतु त्यांची आठवण कोणाला झाली नाही. १९६६ साली ते वारले. ‘फिडे’ने त्यांना सन्माननीय ग्रँडमास्टर केले ते २०२४ साली, म्हणजे मृत्यूनंतर ५८ वर्षांनी.

श्रोतेहो, या माणसाजवळ बुद्धी कमी होती असे कोण म्हणेल? उणीव होती ती वेगळीच. त्यांच्यामागे मंडळ नव्हते, मासिक नव्हते, आर्थिक आधार नव्हता. होती ती एका धन्याची मर्जी. आणि मर्जी जेथे जाईल तेथे माणसाला जावे लागते.

आता दुसरे चित्र पाहा. १९५५ साली एलुरू येथे आपली पहिली राष्ट्रीय स्पर्धा भरली आणि तिचे अजिंक्यपद आपले रामचंद्र सप्रे आणि डी. वेंकय्या यांना विभागून मिळाले. १९६१ साली मद्रासचे मॅन्युएल एरन भारताचे पहिले इंटरनॅशनल मास्टर झाले. ही पदवी ग्रँडमास्टरच्या एक पायरी खालची. पुढच्याच वर्षी स्टॉकहोमला त्यांनी पोर्तिश आणि उलमान या दोन ग्रँडमास्टरांना हरवले. स्वतः मात्र ते ग्रँडमास्टर झाले नाहीत. पण त्यांनी जे केले ते आम्हांस पदवीहून मोठे वाटते. मद्रासला सोव्हिएट सांस्कृतिक केंद्रात त्यांनी ‘ताल चेस क्लब’ उभा केला. तेथे रशियन पुस्तके आली, पट मांडले गेले, मुले जमू लागली. त्या मुलांत, आईकडून खेळ शिकलेला एक मुलगा होता. त्याचे नाव विश्वनाथन आनंद.

आनंद १९८७ साली कुमारांचा जगज्जेता झाला आणि १९८८ साली भारताचा पहिला ग्रँडमास्टर. मघाचा नियम येथे आठवा. शेवटचा नॉर्म आनंदला मिळाला तो कोइमतूरला भरलेल्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत. परदेशी मास्टर आपल्या गावी बोलावणे हा खर्चाचा आणि खटपटीचा उद्योग. तो कोइमतूरकरांनी केला, म्हणून आपल्या मुलाला घराजवळ संधी मिळाली. एरन यांच्या पदवीपासून या पदवीपर्यंत २७ वर्षे लागली. पण वाट एकदा मळली की चालणाऱ्यांचे पाय आपोआप वळतात. त्यानंतरच्या ३७ वर्षांत, म्हणजे जुलै २०२५ पर्यंत, भारताच्या ग्रँडमास्टरांची संख्या एकावरून ८८ वर गेली.

आपल्या महाराष्ट्राचा हिशेब काय? सांगलीचे भाऊसाहेब पडसलगीकर हे काही जगज्जेते नव्हते. पण त्यांच्या नूतन बुद्धिबळ मंडळाने वर्षानुवर्षे स्पर्धा भरवून खेळाडूंच्या पिढ्या पटावर बसवल्या. मुंबईच्या वासंती, जयश्री आणि रोहिणी या खाडिलकर भगिनींनी राष्ट्रीय महिला अजिंक्यपद आलटून-पालटून घरातच ठेवले! १९७६ साली तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली, तेव्हा मोठा गहजब झाला. अखेर ‘फिडे’चे अध्यक्ष आणि माजी जगज्जेते मॅक्स यूवे यांनी निर्णय दिला की, स्त्रियांना अशा स्पर्धांत मज्जाव करता येणार नाही. एक दार उघडले, ते सगळ्यांसाठी उघडले. १९८१ साली रोहिणी आशियाची महिला अजिंक्यवीर झाली. प्रवीण ठिपसे १९९७ साली आणि पुण्याचे अभिजित कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाले.

या पेरणीचे पीक पाहावयाचे तर २०२४ च्या बुडापेस्ट ऑलिंपियाडकडे पाहावे. भारताच्या दोन्ही संघांनी सुवर्णपदक जिंकले. खुल्या संघात नाशिकचे विदित गुजराथी होते. महिला संघात नागपूरची दिव्या देशमुख होती, आणि त्या संघाचे कर्णधार होते तेच अभिजित कुंटे. म्हणजे कालचा खेळाडू आज पाठीशी उभा राहिला. त्याच वर्षी डिसेंबरात अठरा वर्षांच्या गुकेशने सिंगापूरला जगज्जेतेपद मिळवले. आणि जुलै २०२५ मध्ये जॉर्जियातील बातुमी येथे एकोणीस वर्षांच्या दिव्याने अंतिम लढतीत कोनेरू हम्पीसारख्या मातब्बर खेळाडूला नमवून महिलांचा विश्वचषक जिंकला. गंमत अशी की, तोवर तिच्याजवळ ग्रँडमास्टरपदाचा एकही नॉर्म नव्हता. पण त्या विजयाबरोबर पदवी आपोआप मिळाली आणि ती भारताची ८८ वी ग्रँडमास्टर झाली. ज्या जॉर्जियाच्या नोना गाप्रिंदाश्विली १९७८ साली जगातील पहिल्या महिला ग्रँडमास्टर झाल्या, त्याच भूमीवर नागपूरच्या मुलीने हे यश मिळवले.

सुलतान खान आणि दिव्या यांच्यामधले अंतर आम्ही असे मोजतो. बुद्धीचे मोजमाप करणे आमच्या आवाक्याबाहेरचे आहे. पण पाठीशी उभ्या असलेल्या माणसांची मोजदाद करता येते. एकामागे एक धनी होता. दुसरीमागे आईबाप, शिक्षक, क्लब, स्पर्धा भरवणारे कार्यकर्ते आणि दार उघडून गेलेल्या थोरल्या बहिणी, अशी रांगच्या रांग आहे.

कोणी म्हणेल, शंभर मुले खेळतील तेव्हा एखादे पदवीपर्यंत पोचेल. उरलेल्या नव्याण्णवांचे काय? हा प्रश्न रास्त आहे, आणि आईबापांच्या काळजीत तो असतोच. आमचे उत्तर असे की, एरन यांच्याकडे पाहा, पडसलगीकरांकडे पाहा. वरच्या पायरीवर न पोचलेल्या माणसांनीच पायऱ्या बांधल्या. उरलेले नव्याण्णव फुकट जात नाहीत. शंभरावा त्यांच्याशीच खेळून तयार होतो.

म्हणून शेवटी एक लहानशी मागणी. आपल्या गावच्या वाचनालयात संध्याकाळी एक खोली दोन तास उघडी राहावी. तेथे चार पट असावेत, थोडी पुस्तके असावीत, आणि मुलगा-मुलगी असा भेद न करता येईल त्याला बसू द्यावे. देखरेखीला एखादे निवृत्त गृहस्थ मिळतीलच. या सभागृहात तसे पुष्कळ दिसत आहेत! त्या खोलीतून ग्रँडमास्टर निघेल असे आश्वासन आम्ही देत नाही. पण गावात एखादा सुलतान खान असलाच, तर त्याला कोणा धन्याच्या मर्जीची वाट पाहावी लागणार नाही, एवढे खास.