वर गाड्या, खाली वाघ

(संस्थेच्या रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



मुलांचे नाच आटोपले आहेत आणि पाटवडीच्या रश्श्याचा वास इथपर्यंत येऊन राहिला आहे. अशा वेळी बोलायला उभ्या राहिलेल्या माणसाने घड्याळाकडे लक्ष ठेवावे, हे मला कळते. सचिवांनी सांगितले, "काका, आपल्या रामटेकचंच काहीतरी बोला. पण गडमंदिर नको, कालिदास नको, ते सगळ्यांना पाठ आहे." म्हणून आज मी एका रस्त्याबद्दल बोलणार आहे. आपल्यापैकी बहुतेकजण त्या रस्त्याने गेलेले आहेत. शिवनी, जबलपूरकडे जाताना मनसर सोडले, की पवनी, देवलापार आणि मग मध्य प्रदेशच्या सीमेवरचे खवासा. हा मनसर-खवासा रस्ता पूर्वी राष्ट्रीय महामार्ग ७ होता, आता ४४ झाला आहे.

आपली संस्था नोंदवली गेली तेव्हा पेंच व्याघ्र प्रकल्प अगदी नवा होता. महाराष्ट्राच्या बाजूच्या पेंचला व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा १९९८-९९ मध्ये मिळाला. म्हणजे आपण इथे प्लॉटचे हप्ते भरत होतो, पाण्याच्या टाकीवरून सभेत भांडत होतो, त्याच काळात तीस-चाळीस किलोमीटरवर एका जंगलाचा नवा संसार सुरू झाला होता. त्या जंगलाशी आपला संबंध काय, असे कोणी विचारले तर उत्तर सोपे आहे. तालुक्यातल्या धानाला पाणी पेंचचे, खिंडसीत येते ते पाणी पेंचचे, नागपूरकर नळाला पितात तेही पेंचचे. पाणी धरणात साठते खरे, पण धरणाला ते डोंगरावरच्या झाडोऱ्याकडून मिळते.

आता रस्ता. देवलापारच्या बाजूला मी बँकेच्या नोकरीत तीन वर्षे होतो. पावसाळ्यात त्या रस्त्याने जीपमधून वसुलीला जायचे, म्हणजे घरून निघताना कंबरेला पट्टा बांधूनच निघायचे. बाळंतिणीला रामटेकला आणायला निघालेली गाडी खड्ड्यात अडकलेली मी पाहिली आहे. तेव्हा रस्ता चांगला व्हावा, चौपदरी व्हावा असे या भागातल्या प्रत्येकाला वाटत होते. मलाही वाटत होते आणि आजही माझे मत तेच आहे. २०१५ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने या रस्त्याच्या दुर्दशेची स्वतःहून दखल घेतली, इतकी त्याची अवस्था वाईट होती.

पण हा रस्ता जंगलातून जातो. एका अंगाला पेंच, तर दुसऱ्या अंगाचे जंगल तुकड्या-तुकड्यांनी पुढे नागझिऱ्याकडे आणि कान्ह्याकडे सरकत जाते. वाघाचा नर बच्चा दोन वर्षांच्या आसपास आईपासून वेगळा होतो आणि स्वतःचा मुलूख शोधायला निघतो. जुना वाघ त्याला आपल्या हद्दीत राहू देत नाही, त्यामुळे त्याला दूर जावेच लागते. त्याची वाट अडली तर दोनच गोष्टी होतात. एक तर तो मारामारीत किंवा गाडीखाली मरतो, नाहीतर आहे तिथेच राहतो आणि पिढ्या गेल्या की रक्ताच्या नात्यातच संतती होत राहते. असे जंगल बाहेरून हिरवे दिसते, पण आतून खंगत जाते. दुपदरी रस्ता जनावर एका झेपेत ओलांडू शकते. चौपदरी रस्ता, मधे दुभाजक, दोन्हीकडून ट्रक आणि रात्रभर डोळ्यांवर उजेड, असे असले तर ते कसे ओलांडणार?

हा प्रश्न विचारणारी माणसे फार नव्हती. नागपूरचे सृष्टी पर्यावरण मंडळ हा विषय घेऊन राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेले. वन्यजीवांचा अभ्यास करणारे तरुण त्यांच्या मदतीला होते. त्या काळात आपल्याकडे काय बोलले जायचे, ते आठवून पाहा. चौकात, बसस्टँडवर, आपल्या कट्ट्यावरसुद्धा. "हे पर्यावरणवाले विकासाच्या आड येऊन राहिले. माणसं मरून राहिली अन् यांना वाघाचं पडलं आहे!" खड्ड्यात आपटणाऱ्या माणसाचा हा राग खोटा नव्हता.

पण मुद्दा नीट ऐकला, तर प्रत्यक्षात भांडण वेगळेच होते, हे लक्षात येते. जंगलातला रस्ता जमिनीवरून न्यायचा की काही ठिकाणी उचलून खांबांवर घ्यायचा? उचलायचा तर किती लांबीचा? म्हणजे भांडण मीटरचे होते. बांधणाऱ्याला एकेक मीटर महाग पडतो, म्हणून तो म्हणणार, लहान मोरी पुरे. अभ्यासक म्हणणार, पलीकडचा उजेड दिसल्याशिवाय चितळ अंधाऱ्या बोगद्यात पाय घालत नाही, आणि चितळ गेले नाही तर वाघ कशाला जाईल? डेहराडूनच्या भारतीय वन्यजीव संस्थेने कुठे, किती रुंद वाट ठेवायची याचा अभ्यास केला.

शेवटी रस्ता झाला आणि वाटाही झाल्या. पेंचच्या महाराष्ट्रातल्या भागात सुमारे १६ किलोमीटरच्या अंतरात ९ ठिकाणी प्राण्यांना खालून जाता येईल अशी बांधकामे आहेत. त्यांत ५ खास भुयारी मार्ग आणि ४ लहान पूल आहेत. सर्वांत लहान वाट ५० मीटरची आणि सर्वांत मोठी ७५० मीटरची. बालगोपाळांनो, आपल्या सोसायटीच्या गेटपासून मागच्या भिंतीपर्यंत कितीदा जावे लागेल, ते उद्या मोजून पाहा.

मग खरा प्रश्न आला, की जनावरांना हे पटले का? डेहराडूनच्या त्याच संस्थेने पुलांखाली आपोआप चालणारे कॅमेरे लावले. मार्च ते डिसेंबर २०१९ या दहा महिन्यांत वन्य प्राण्यांची ५,४५० छायाचित्रे मिळाली. १८ जातींचे प्राणी त्या वाटांनी गेले. त्यांत ११ वेगवेगळे वाघ होते आणि ते एकूण ८९ वेळा त्या पुलांखालून गेले. प्रत्येक वाघाचे पट्टे वेगळे असतात, म्हणून हे मोजता येते. बँकेत आम्ही सही ताडून पाहायचो, तसेच हे लोक पट्टे ताडून पाहतात.

म्हणजे आपण वरून गाणी ऐकत जबलपूरला जात असतो, तेव्हा आपल्या पायाखालून एखादा वाघ आपल्या कामाला निघालेला असू शकतो. आपल्याला त्याचा पत्ता नाही आणि त्याला आपला नाही. दोघेही सुखरूप पोहोचतात. रस्ता अडला असता तर माणसांचे नुकसान होते आणि जमिनीवरून तसाच रेटला असता तर जंगलाचे. काही लोकांनी हट्ट धरला म्हणून दोन्ही टळले. सगळे प्रश्न सुटले असे मी म्हणत नाही. पूल नसलेल्या तुकड्यांत रात्री भरधाव गाडी हाकली तर व्हायचे तेच होते. पण एक नमुना आपल्या तालुक्यात उभा राहिला आहे आणि देशभरातून लोक तो पाहायला येतात.

ही हट्टी माणसे करतात तरी काय, याचे मला नेहमी कुतूहल वाटते. सिनेमात दाखवतात तसे ते झाडाला मिठी मारून उभे नसतात. ते अर्ज लिहितात. नकाशे मागवतात. माहितीच्या अधिकारात कागद काढतात, त्याच्या प्रती ठेवतात आणि तारखेला हजर राहतात. तारीख पुढे गेली की पुन्हा हजर राहतात. गोदावर्मन हे नाव आपल्याकडे फार कोणाला माहीत नाही. तामिळनाडूतल्या गुडलूरकडच्या जंगलाची तोड पाहून या गृहस्थाने १९९५ साली सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. त्यावर १२ डिसेंबर १९९६ रोजी जो आदेश झाला, त्याने साऱ्या देशात जंगल कशाला म्हणायचे याचा अर्थच रुंदावला. मालकी कोणाचीही असो, जंगल ते जंगल. सुरुवात एका माणसाच्या एका अर्जापासून झाली. मी उभा जन्म कागदांत काढला, त्यामुळे या कामाची किंमत मला जरा जास्त कळते.

आता नाण्याची दुसरी बाजू सांगतो, कारण ती सांगितली नाही तर भाषण अर्धेच होईल. जंगल वाचले की आपल्याला पाणी मिळते, हवा मिळते, सुटीत सफारी मिळते. बिल मात्र येते जंगलाच्या कडेला राहणाऱ्याच्या नावावर. त्याची गाय जाते, त्याचा हरभरा रानडुक्कर खाते, रात्री मचाणावर जागावे लागते ते त्याला. कधी कधी माणूसच परत येत नाही. आपल्या तोतलाडोहचेच उदाहरण घ्या. पेंचच्या जंगलात पूर्वी राहणाऱ्या आदिवासींना त्या जलाशयात मासेमारीचे ३०५ परवाने देण्याचा निर्णय मध्य प्रदेश सरकारने घेतला. वन्यजीवप्रेमींनी त्याला हरकत घेतली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १९९७ साली न्यायालयाने त्या लोकांचे पोट लक्षात घेऊन परवाने राहू दिले, पण अटी घातल्या. फोटोचे ओळखपत्र हवे, काठावर स्वयंपाकासाठी चूल पेटवायची नाही, कचरा टाकायचा नाही. कोण बरोबर, कोण चूक, यात मी जात नाही. पण जंगलाची बाजू मांडणारा आणि पोटाची बाजू मांडणारा समोरासमोर उभे राहिले, की न्यायाधीशालाही घाम फुटतो, एवढे त्यातून कळते.

हे दोघे एकाच बाजूला येऊ शकतात का? येतात. गडचिरोलीत मेंढा-लेखा नावाचे गोंड लोकांचे गाव आहे. देवाजी तोफा आणि मोहन हिराबाई हिरालाल यांनी गावाबरोबर वर्षानुवर्षे बसून, अभ्यास करून, सर्वांच्या संमतीने निर्णय घेण्याची सवय लावली. वनहक्क कायद्याखाली २००९ साली सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर गावाचा सामूहिक हक्क मान्य झाला. २०११ मध्ये केंद्रीय मंत्री स्वतः गावात आले आणि बांबूच्या वाहतूक परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले. आता जंगल तुटले तर गावाचे नुकसान आणि राहिले तर गावाचा फायदा, असा हिशोब झाला. मग राखणदार वेगळा नेमावा लागत नाही.

आपल्या तालुक्यात सगळीकडे असे झालेले नाही. माझ्या नोकरीतली एक गोष्ट सांगतो. एका बाईची दुभती गाय वाघाने मारली. पंचनामा झाला, भरपाई मंजूर झाली, पण पैसा काही हाती येईना. सातबाऱ्यावर नाव एक, पासबुकावर दुसरे, आणि खाते बरेच दिवस न वापरल्यामुळे बंद पडलेले. एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर तिला फिरवले जात होते. ती मला म्हणाली, "साहेब, गाय गेली ते गेली, आता तिच्यापायी माह्या पाच चकरा झाल्या. वाघ सरकारचा, अन् गाय माही. मी का करू, सांगा!" एक प्रतिज्ञापत्र, दोन फोटो आणि एक अर्ज, एवढ्यावर ते काम झाले. अर्ध्या तासाचे काम होते. पण तो अर्धा तास तिला कोणी दिला नव्हता.

मित्रहो, वाघाचा खरा शत्रू मला इथे दिसतो. पैसा न मिळालेला माणूस उद्या मेलेल्या गाईवर विष टाकतो किंवा शेताच्या तारेत वीज सोडतो. ते पाप आहे आणि गुन्हाही आहे, यात शंका नाही. पण त्या टोकाला तो जाण्याआधी मधे एक अर्ज असतो, आणि तो अर्ज नीट भरून देणारा माणूस असला तर पुष्कळ अनर्थ टळतो.

म्हणून रौप्यमहोत्सवानिमित्त एक ठराव मांडतो. स्वागत कमान बांधायची की नाही, यावर कार्यकारिणीत चर्चा चालू आहे. ती बांधा, माझी हरकत नाही. पण या सभेत मी मोजले, आपल्याकडे निवृत्त बँकवाले चार आहेत, तहसिलीतून निवृत्त झालेले दोन, शिक्षक-शिक्षिका सहा, एक वकील. सातबारा वाचता येणारी, आधारवरच्या नावातली चूक दुरुस्त कशी करायची हे जाणणारी, बंद खाते सुरू करायला काय लागते हे तोंडपाठ असणारी एवढी माणसे एका कंपाउंडात बसली आहेत आणि संध्याकाळी आपण ब्लडप्रेशरच्या गोळ्यांची तुलना करतो. महिन्यातून एकदा, देवलापारच्या आठवडी बाजाराच्या दिवशी, एक टेबल आणि चार खुर्च्या टाकून बसू. वन्यप्राण्यांनी केलेल्या नुकसानीचे अर्ज भरून देऊ, कागद तपासू, मुदत निघून जाऊ देणार नाही. फी घ्यायची नाही. झेरॉक्सचा खर्च वर्गणीतून उरलेल्या रकमेत निघेल. सिंकिंग फंडाला हात लावायचा नाही, तसे उपविधीत बसत नाही, हे मी आधीच सांगून ठेवतो!

नागपूरच्या मोजक्या माणसांनी मीटरसाठी हट्ट धरला, म्हणून त्या ११ वाघांना वाट मिळाली. आता वाट हवी आहे ती जंगलाकडेच्या माणसाला, आणि ती बांधायला सिमेंट लागत नाही. ज्यांना यायचे असेल त्यांनी बाहेर टेबलावर ठेवलेल्या वहीत नाव आणि मोबाईल नंबर लिहावा. पहिले नाव मी लिहिले आहे, गुडघे दुखत असले तरी. तरुण मंडळींनी फक्त आम्हाला गाडीने नेऊन आणावे, आणि परतताना त्या पुलांवरून गाडी हळू चालवावी.

 संस्थेला पुढच्या पंचवीस वर्षांसाठी शुभेच्छा देतो आणि थांबतो. जय हिंद, जय महाराष्ट्र.