जुनें यंत्र आणि नवा पेनड्राइव्ह

जन्मभर खडू आणि फळा यांच्या सहवासांत राहिलेल्या, मॅट्रिकपलीकडे शिक्षण न गेलेल्या एका निवृत्त शिक्षकानें मुलांच्या खेळाच्या यंत्राविषयीं भाषण करावें, हें आपणांपैकीं पुष्कळांस विचित्र वाटेल. मलाही तें वाटतें. वर्गांत एखाद्या मुलाच्या दप्तरांत असला खेळ सांपडला कीं तो काढून घेऊन टेबलाच्या खणांत टाकावयाचा, एवढाच माझा या विषयाशीं संबंध होता. परंतु गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत माझ्या नातवानें मला या विषयाचा विद्यार्थी केलें. त्या पंधरा दिवसांत मी काय शिकलों, कोठें चुकलों आणि आम्हीं काय गमावलें, तें आपणांस सांगावें, इतकाच आजच्या भाषणाचा हेतु आहे.

माझा मुलगा व्यापारी जहाजावर नोकरीस असतो. वर्षांतील सात-आठ महिने तो समुद्रावर काढतो, आणि घरीं येतो तेव्हां बापलेक रात्रीं जेवणें आटोपल्यावर टीव्हीपुढें बसून खेळतात. त्यांचें यंत्र प्लेस्टेशन थ्री या जातीचें. सोनी कंपनीनें तें २००६ च्या नोव्हेंबर महिन्यांत जपान व अमेरिका या देशांत विक्रीस काढलें. त्यानंतर २०१३ सालीं त्याची पुढची आवृत्ति निघाली आणि २०२० सालीं त्याच्याही पुढची. आमच्या घरीं मात्र तेंच जुनें यंत्र राहिलें. कारण बापलेकांचे सारे खेळ त्यांत होते.

येथें एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. खेळाची चकती बाजारांत विकत मिळते. परंतु खेळणारानें कोठवर मजल मारली, कोणता दरवाजा उघडला, कोणती शर्यत जिंकली, याची नोंद यंत्राच्या पोटांतील हार्ड डिस्कवर होत असते. या नोंदीस मुलें 'सेव्ह' म्हणतात. छापील पाठ्यपुस्तक आणि मुलानें स्वतः लिहिलेली वही यांत जो भेद, तोच चकती आणि सेव्ह यांत आहे. पुस्तक हरवलें तर दुसरें आणतां येतें. वही हरवली तर ती कोणत्याही दुकानांत मिळत नाहीं.

गेल्या सुटींत हें यंत्र थकूं लागलें. पंखा मोठ्यानें घुरघुरे आणि अर्ध्या तासांत यंत्र आपोआप बंद पडे. दोष कोणाचाच नव्हे. इतक्या वर्षांची धूळ आणि उष्णता कोणास सोसते? तालुक्याच्या बाजारांत जुन्या वस्तूंच्या दुकानीं त्याच जातीचें एक वापरलेलें यंत्र मिळालें, तें मीं आणलें. नातू म्हणाला, "आजोबा, बाबा दिवाळीला येतील. त्याच्या आधी सगळं या दुसऱ्यात न्यायचं." मीं होकार दिला. पेनड्राइव्ह त्याच्यापाशीं होताच. काम घटकाभराचें, असें मला वाटलें.

ज्या खोबणींत हा पेनड्राइव्ह बसतो तिला यु.एस.बी. म्हणतात. तिचा पहिला नियमग्रंथ १९९६ सालीं प्रसिद्ध झाला. तत्पूर्वीं संगणकाच्या पाठीमागें कळफलकाची खोबण निराळी, छपाईयंत्राची निराळी, असा गोंधळ असे. तो मिटविण्यांत इंटेल कंपनीच्या ज्या मंडळींनीं पुढाकार घेतला, त्यांत अजय भट्ट हे अग्रणी होते. आणि त्यांचें अभियांत्रिकीचें शिक्षण बडोद्यास, महाराजा सयाजीराव विश्वविद्यालयांत झालें होतें. ज्या बडोद्याशीं मराठी माणसाचा एवढा जुना ऋणानुबंध, तेथील एका विद्यार्थ्याचा हात या लहानशा खोबणीला लागलेला आहे, हें वाचून माझ्यांतील शिक्षकास फार समाधान वाटलें.

तर पेनड्राइव्ह खोबणींत नीट बसला. परंतु पडद्यावर त्याची कांहीं दाद लागेना. यंत्रास तो दिसेचना! नातवानें दुसरी खोबण पाहिली, मीं तोंडानें फुंकर घातली, पण फळ शून्य. दोष खोबणीचा नव्हता. खोबण जुळली म्हणजे बोली जुळली, असें मात्र नव्हे.

ही बोली म्हणजे काय, तें शाळेच्या दाखल्यानें सांगतों. शाळेंत पांचशें मुलें असतील, तर कोणतें मूल कोणत्या वर्गांत, कोणत्या बांकावर, हें पटावरून समजतें. पट ठेवण्याची पद्धत नव्या हेडमास्तरास ठाऊक नसेल, तर मुलें समोर बसलेलीं असूनही त्यास एकाचाही पत्ता लागणार नाहीं. पेनड्राइव्हवरील फायलींचाही असाच एक पट असतो. तो ठेवण्याच्या पद्धती अनेक आहेत. एनटीएफएस नांवाची पद्धत १९९३ सालची, फॅट-३२ ही १९९६ सालची, आणि एक्सफॅट ही २००६ सालची. आमच्या जुन्या यंत्रास यांपैकीं फक्त फॅट-३२ ही वाचतां येते. नातवाचा पेनड्राइव्ह ६४ जीबीचा. आणि एवढ्या मोठ्या मापाचे नवे पेनड्राइव्ह पुष्कळदां कारखान्यांतूनच एक्सफॅट पद्धतीनें आंखून येतात. म्हणजे दिलेला पट नव्या पद्धतीचा आणि हेडमास्तर जुन्या वळणाचे!

यास उपाय एकच, तो म्हणजे पेनड्राइव्ह संगणकास लावून फॅट-३२ पद्धतीनें पुन्हां आंखून घेणें. यालाच फॉरमॅट करणें म्हणतात. परंतु फॉरमॅट करणें म्हणजे पाटी पुसणें होय; तीवर जें असेल तें सर्व जातें. नातवाच्या पेनड्राइव्हवर त्याच्या आत्याच्या लग्नाचे फोटो होते. ते आधीं संगणकावर उतरून घेतले आणि मगच पुढचें पाऊल टाकलें. आणखी एक अडचण अशी कीं, विंडोजमधील फॉरमॅटच्या नेहमींच्या खिडकींत ३२ जीबीहून मोठ्या पेनड्राइव्हसाठीं फॅट-३२ हा पर्याय दाखविला जात नसे. म्हणून माझा सल्ला असा कीं, जुन्या यंत्रासाठीं १६ किंवा ३२ जीबीचा लहान पेनड्राइव्हच घ्यावा. सेव्हच्या फायली बहुधा लहान असतात. त्यांस कोठार लागत नाहीं, डबी पुरते. आम्हींही अखेर तसाच एक आणला.

फॅट-३२ ची एक मर्यादाही ध्यानांत ठेवावी. या पद्धतींत एका फाइलीचें माप लिहिण्यास ३२ द्विमान अंकांचीच जागा असते. तेवढ्या जागेंत मावणारी सर्वांत मोठी संख्या ४,२९,४९,६७,२९५ ही होय. अर्थात् चार जीबी भरण्यास एक बाइट कमी, याहून मोठी एक फाइल तींत ठेवतां येत नाहीं, मग पेनड्राइव्हवर कितीही जागा मोकळी असो. लांबलचक चित्रफीत नेऊं पाहणारास हा अडसर लागतो. सेव्ह नेणारास सहसा लागत नाहीं.

आतां यंत्र पेनड्राइव्ह ओळखूं लागलें. खेळांच्या रकान्यांत सेव्हची यादी असते. हवी ती नोंद निवडून त्रिकोणाची कळ दाबावी, 'कॉपी' हा शब्द निवडावा आणि पेनड्राइव्हकडे बोट दाखवावें, इतकाच विधि आहे. यंत्र पेनड्राइव्हवर स्वतःच्या नांवाचा एक फोल्डर आणि त्याच्या पोटांत 'सेव्हडेटा' नांवाचा दुसरा फोल्डर करतें. हीं नांवें मोठ्या रोमन अक्षरांत असतात. तीं हौसेनें बदलूं नयेत. बदललीं तर दुसऱ्या यंत्रास आंतला माल सांपडत नाहीं.

येथें माझ्या हातून प्रमाद घडला. पडद्यावरील पट्टी भरत आली होती. मला वाटलें, काम झालें, आणि मीं पेनड्राइव्ह उपसून काढला. दुसऱ्या यंत्रांत लावतांच ती नोंद बिघडलेली असल्याचा संदेश आला. नातवाचा चेहरा एवढासा झाला. सुदैवानें आम्हीं 'कॉपी' केली होती; मूळ नोंद पहिल्या यंत्रांत जशीच्या तशी होती. वर्गांत शुद्धलेखनाची घाई करणाऱ्या किती मुलांच्या वहींवर मीं 'सावकाश' असा शेरा मारला असेल! त्या दिवशीं तो शेरा माझ्या वहींत पडला. त्यानंतर आम्हीं नियम केला कीं, दुसऱ्या यंत्रांत खेळ उघडून, सेव्ह खरोखर चालते हें डोळ्यांनीं पाहिल्यावांचून पहिल्या यंत्रांतील कांहींही पुसावयाचें नाहीं.

एकूण सेव्ह अकरा. यंत्र मधून मधून बंद पडे. तें निवेपर्यंत आम्ही ओट्यावर बसून राहूं आणि पुन्हां सुरू करूं. अशा रीतीनें दोन दिवसांत दहा सेव्ह पलीकडे गेल्या. अकरावीपाशीं मात्र अडलें. ती नोंद निवडली कीं कॉपी करण्यास मनाई असल्याचें यंत्र सांगे. कांहीं खेळांच्या कर्त्यांनीं, एकाची कमाई दुसऱ्यानें उसनी घेऊं नये या हेतूनें, आपल्या सेव्हवर असें बंधन घातलेलें असतें. आणि दुर्दैव असें कीं, ही अकरावी नोंद म्हणजेच मोटारींच्या शर्यतीचा तो खेळ, जो बापलेकांनीं तीन सुट्या मिळून खेळला होता.

मीं चौकशी केली. संपूर्ण यंत्राची एकत्र प्रत पेनड्राइव्हवर किंवा बाहेरील डिस्कवर काढतां येते. परंतु अशी बंदिस्त नोंद त्या प्रतींतून दुसऱ्या यंत्रांत उतरत नाहीं. हार्ड डिस्कच काढून पलीकडे बसवावी, तर तींतील मजकूर ज्या त्या यंत्राच्या स्वतःच्या गुप्त किल्लीनें कुलूपबंद केलेला असतो. दुसरें यंत्र ती डिस्क पुसूनच घेतें. शेवटचा मार्ग एवढाच कीं, दोन्ही यंत्रें लॅनच्या केबलनें एकमेकांस जोडून सर्व ऐवज एकदम न्यावयाचा. त्यासाठीं जुनें यंत्र बराच वेळ अखंड चालू राहिलें पाहिजे. मीं केबल आणली. दुसऱ्या दिवशीं सकाळीं कळ दाबली, तों यंत्र उजळलेंच नाहीं. तालुक्याच्या कारागिरानें तें उघडून पाहिलें आणि म्हणाला, "गुरुजी, महिनाभर आधी आणलं असतंत तर काही करता आलं असतं."

तें वाक्य माझ्या मनांतून गेलें नाहीं. कारण घुरघुर महिनाभर आधींच सुरू झाली होती. मीं ती ऐकली होती आणि पाहूं पुढें म्हणून सोडून दिली होती. त्या रात्रीं मुलाचा जहाजावरून फोन आला. नातवानें रडत रडत सारी हकीकत सांगितली. पलीकडून क्षणभर शब्द आला नाहीं. मग मुलगा म्हणाला, "चकती आहे ना? मग पहिल्या शर्यतीपासून सुरू करू. या वेळी गाडीचा रंग तू ठरव." पोराचें रडें थांबलें. माझ्या मनांतील बोच मात्र राहिली, आणि ती राहावी हेंच योग्य.

श्रोतेहो, या निमित्तानें एक इशारा देणें मी कर्तव्य समजतों. बाजारांत कोणी पेनड्राइव्हमध्यें फुकटचे खेळ भरून देतों म्हणेल. त्याच्या नादीं लागूं नये. आपल्या देशाच्या १९५७ सालच्या कॉपीराइट कायद्यानें संगणकाच्या कार्यक्रमासही साहित्यकृतींतच गणलें आहे. कवीची कविता चोरूं नये, तसाच खेळकर्त्याचा खेळही चोरूं नये. आम्हीं नेलेल्या त्या दहा नोंदी मुलांनीं आपल्या कष्टानें मिळविलेल्या होत्या. त्यांची गोष्ट निराळी.

आपल्या घरांतही असें एखादें जुनें यंत्र असेल. खेळाचें नसेल तर फोटोंचें असेल, हिशेबांचें असेल, एखाद्या गेलेल्या माणसाच्या आवाजाचें असेल. तें धडधाकट आहे तोंवरच त्यांतील ठेव बाहेर काढा. पेनड्राइव्ह यंत्रास समजेल त्या पद्धतीनें आंखून घ्या, आणि त्यापूर्वीं त्यावरील मजकूर सुरक्षित करा. नेतांना प्रत काढा, मूळ हलवूं नका. पट्टी पुरी भरेपर्यंत धीर धरा. जी नोंद अडेल तिची वाट सर्वांत आधीं शोधा. कारण सोपीं गणितें आधीं सोडवून अवघड गणित शेवटच्या पांच मिनिटांवर टाकणारा विद्यार्थी बहुधा तें सोडवूं शकत नाहीं. हें मीं चाळीस वर्षें मुलांस सांगितलें; स्वतः मात्र तें साठीनंतर शिकलों.

दिवाळी आतां जवळ आली आहे. दुसरें यंत्र पुसून, धूळ झाडून तयार ठेवलें आहे.